'टेंग्वार' आणि वर्णमाला : ध्वनिव्यवस्थेच्या अधिकाराविषयी

अद्भुतकथेतील कल्पित भाषा आणि लिप्या यांच्याकडे मराठी समीक्षेने फारशा गांभीर्याने पाहिलेले नाही. लेखकाचा भाषिक खेळ, एवढीच त्यांची नोंद होते. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या 1954-55 मध्ये तीन खंडांत प्रसिद्ध झालेल्या कादंबरीला जोडलेले लिपीविषयक परिशिष्ट मात्र या समजाला छेद देते. फेअनोर या एल्फ कारागिराने घडवलेली 'टेंग्वार' ही लिपी तेथे वर्णिली आहे. ती वर्णिणारा लेखक ऑक्सफर्डमध्ये अनेक वर्षे अँग्लो-सॅक्सन शिकवणारा भाषाशास्त्रज्ञ होता, याची साक्ष त्या पानांवर जागोजागी मिळते.

या लिपीत 24 मुख्य अक्षरे आहेत. ती चार उभ्या मालिका आणि सहा आडव्या श्रेणी अशा कोष्टकात बसवलेली आहेत. मालिका उच्चारस्थानानुसार, तर श्रेणी प्रयत्नानुसार ठरते. प्रत्येक अक्षराला एक दंड व एक कमान असते. कमान दुप्पट केली की अघोष वर्ण घोष होतो. दंड वर चढवला की स्पर्शवर्ण घर्षक होतो. दंड आखडून कमान दुप्पटच ठेवली की सामान्यतः अनुनासिक मिळतो. स्थान आणि प्रयत्न या दोन अक्षांवर वर्ण मांडण्याची रीत प्रातिशाख्यांच्या परंपरेत वाढलेल्या वाचकाला अनोळखी नाही. त्याहून लक्षणीय असा एक तपशील त्याच परिशिष्टात आहे. मूळ व्यवस्थेत दंड वर व खाली दोन्हीकडे वाढवलेली आणखी एक श्रेणी होती आणि ती बहुधा महाप्राण वर्णांसाठी वापरली जाई. कादंबरीच्या काळातील भाषांना तिची गरज उरली नव्हती, एवढेच.

या साम्यावरून टॉल्किनने देवनागरीची उसनवारी केली असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. तो आवरला पाहिजे. कोरियाच्या राजा सेजोंगने 1446 मध्ये प्रसृत केलेल्या लिपीतही रेघ वाढवून महाप्राण दर्शवला जातो. अलेक्झांडर मेलव्हिल बेल यांनी 1867 मध्ये मांडलेली 'दृश्य वाणी' उच्चारावयवांच्या आकृतींवर उभी होती. ध्वनींचा विचार नेटाने करणारा माणूस कोठेही असला तरी अशा कोष्टकापाशी येऊ शकतो.

खरे महत्त्व साम्यापेक्षा भेदाला आहे. भारतीय वर्णमाला ध्वनींचे वर्गीकरण करते आणि आकाराविषयी उदासीन राहते. तोच क्रम देवनागरीत लिहिला जातो, मोडीत लिहिला जातो, बंगालीतही लिहिला जातो. 'क' आणि 'ख' यांच्या आकृतीत त्यांचे नाते कोठेच दिसत नाही. टेंग्वार नेमकी उलट आहे. तेथे वर्गीकरण आकारांचे आहे आणि आकारांना स्वतःचे ध्वनिमूल्य नाही. ते प्रत्येक भाषेने आपल्या गरजेप्रमाणे द्यायचे. जे अक्षर एका भाषेत 'द' आहे, तेच क्वेन्या भाषेत 'न्द' होते, कारण त्या भाषेला सुटा 'द' नाही. मराठीला ही मोकळीक मिळाली असती तर विश्व या अर्थाचा 'जग' आणि जगण्याची आज्ञा देणारा 'जग' यांना एकाच अक्षरात दाटीवाटीने राहावे लागले नसते. (अर्थात चार मालिकांत मूर्धन्यांना घर कोठे मिळणार, हा प्रश्न उरतोच.)

मग या व्यवस्थेतील जादू कोठे आहे? अक्षरांत ती नाही, असे कादंबरी स्वतःच सांगते. अंगठीवरचा लेख फेअनोरच्याच देखण्या अक्षरांत कोरलेला आहे. भाषा मात्र मॉर्डोरची. लेख वाचला जाईपर्यंत काहीही घडत नाही. एलरॉन्डच्या सभेत गँडाल्फ तो मोठ्याने उच्चारतो तेव्हा त्याचा आवाज पालटतो, सूर्यावरून सावली सरकल्यासारखे होते आणि एल्फ कान झाकून घेतात. मोरियाच्या दारावरही सुंदर अक्षरे आहेत. दार उघडते ते 'मित्र' या अर्थाचा शब्द तोंडून निघाल्यावर. लिपी निर्दोष आहे, शक्ती उच्चारात आहे. मातृकांना शक्तिरूप मानणाऱ्या तांत्रिक परंपरेशी ही कल्पना ताडून पाहण्याजोगी आहे.

उच्चाराला शक्ती मानली की उच्चारावरून भांडणे आलीच. टॉल्किनने आयुष्याच्या उत्तरकाळात लिहिलेले एक टिपण 1996 मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर तेवीस वर्षांनी, प्रसिद्ध झाले. फेअनोरच्या लोकांच्या भाषेत जिभेचे टोक दातांशी आणून काढायचा एक घर्षक हळूहळू 'स'मध्ये विलीन होत होता. फेअनोरच्या दिवंगत आईच्या नावात तो जुना ध्वनी होता. 'स' म्हणणारा प्रत्येक जण तिचा अवमान करतो, अशी त्याची धारणा झाली आणि एक साधा ध्वनिबदल घराण्यातील फुटीची खूण बनला. लिपीतील अक्षर मात्र आपल्या घरात स्वस्थ होते. त्याचे 'थूले' हे नाव 'सूले' झाले, इतकेच. ज्याने अक्षरांना मूल्य न देता कोष्टक रचले, त्यालाच एका ध्वनीचे मूल्य सोडवेना. वर्णव्यवस्थेचा तटस्थपणा कोठे संपतो, हे दाखवणारा इतका नेमका प्रसंग भाषाविज्ञानाच्या पाठ्यपुस्तकातही क्वचितच सापडेल.

मराठीच्या वर्गात हा प्रसंग वाचला जाणे अगत्याचे आहे. आपली वर्णमाला शास्त्रशुद्ध असल्याचे तेथे अभिमानाने सांगितले जाते, आणि ते खोटे नाही. पण क्रम शास्त्रशुद्ध असणे वेगळे आणि त्या क्रमाच्या बळावर बोलणाऱ्याला शुद्ध-अशुद्ध ठरवणे वेगळे. 'ष' हा मूर्धन्य. प्रमाण मराठी बोलणाऱ्यांच्या तोंडीही तो बहुधा 'श'च होतो. 'षट्कोण' म्हणताना जीभ मूर्ध्याकडे वळली नाही म्हणून कोणा प्राध्यापकाला कोणी हसत नाही. 'ण' हाही मूर्धन्यच. खानदेशातून, वऱ्हाडातून किंवा आगरी वस्तीतून आलेला विद्यार्थी मात्र 'पानी' म्हणाला की वर्ग हसतो.