कटकट ऐका, बंधूंनो!
वळण घेतले की पुढच्या चाकातून 'कट-कट' आवाज येई. रिसोडच्या आमच्या एका बांधवाने आईला वाशीमच्या दवाखान्यात नेता यावे म्हणून कर्ज काढून जुनी मारुती ८०० घेतली होती. आम्ही वाकून पाहिले. चाकामागचा रबरी बूट फाटलेला, ग्रीस उडून गेलेले, आत धूळ शिरून छर्रे झिजलेले. मिस्त्री म्हणाला, "आता ग्रीस भरून भागणार नाही, जॉइंटच बदला." महिन्याचा किराणा त्यात गेला! बूट फाटला तेव्हाच बदलला असता तर थोडक्यात निभावले असते.

बंधूंनो, महिन्यातून एकदा बूट तपासा. मोकळ्या मैदानात स्टेअरिंग पूर्ण वळवून गाडी हळू चालवा. आवाज आला तर चालढकल करू नका. आणि नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कधीही शिरू नका. जॉइंट दुकानात मिळतो, घरचा माणूस मिळत नाही.