जागल्या मधेच ओरडतो तेव्हा

मुलांनो, गेल्या सोमवारी मधल्या सुट्टीत आमच्या वर्गातला एक पठ्ठ्या माझ्या टेबलापाशी येऊन उभा राहिला. त्याचं खरं नाव मी सांगणार नाही, नाहीतर शाळाभर त्याची चेष्टा होईल. आपण त्याला बंड्या म्हणू. डबा तसाच हातात, चेहरा असा की जणू घरची म्हैस हरवली.

"सर, कॉम्प्युटरमधला अँटिव्हायरस काढून टाकला तर काय होतं?"

"का रे बाबा? त्यानं तुझं काय घोडं मारलं?"

मग सगळी हकीकत बाहेर आली. रविवारी चाकणहून मामेभाऊ आला होता. दोघांचा कॉम्प्युटरवर क्रिकेटचा डाव रंगला. शेवटची ओव्हर, नऊ धावा हव्या, बंड्या फलंदाज. गोलंदाजानं धाव घेतली आणि त्याच क्षणी कोपऱ्यात एक चौकट उगवली. ‘स्कॅन सुरू झाला आहे’ की असंच काहीतरी. खेळ खाली गेला, समोर नुसता डेस्कटॉप. माऊस मारून परत येईपर्यंत दांडी गुल! मामेभाऊ अजून फोन करून हसतोय म्हणे.

तुमच्यापैकी किती जणांचं असं झालंय? हात वर करा. मला इथून दिसत नाहीत, पण बरेच वर झाले असणार.

आधी एक सांगतो. जुन्या काळी गावात जागल्या असायचा. रात्रभर गावाची राखण करायची, अनोळखी माणूस दिसला की हटकायचं, हे त्याचं काम. अँटिव्हायरस म्हणजे कॉम्प्युटरचा जागल्या. आत येणारी प्रत्येक फाइल तो हटकतो, "कोण रे तू? कुठून आलास?" त्याच्याकडे चोरांच्या खुणांची एक वही असते, ती रोज नवी होते. त्यालाच आपण ‘अपडेट’ म्हणतो. शिवाय अधूनमधून तो सगळ्या घराची झडती घेतो, तो ‘स्कॅन’. आता हा जागल्या ऐन डावात दार वाजवून "मालक, सगळं ठीक आहे बरं का!" असं सांगायला लागला, तर वैताग येणारच. त्यात बंड्याचं काही चुकलं नाही. पण वैतागून जागल्यालाच गावाबाहेर काढायचं का?

पूर्वी ही कटकट फारशी नव्हती, कारण बहुतेक जण जागल्याला गरजेपुरताच बोलवत. आय.बी.एम.च्या पीसीवरचा पहिला गाजलेला व्हायरस ‘ब्रेन’ १९८६ सालचा. लाहोरच्या दोन भावांनी तो लिहिला आणि गंमत म्हणजे त्यात आपलं नाव, पत्ता, फोन नंबरसुद्धा घालून ठेवला! तो पसरायचा फ्लॉपीतून. फ्लॉपी म्हणजे काय, ते आईबाबांना विचारा. त्यांनी लहानपणी ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ हा १९८९ सालचा गेम खेळला असेल, तर तो बहुधा कुणाच्या तरी फ्लॉपीवरूनच आणला असेल. असे गेम या हातातून त्या हातात जायचे आणि त्यांच्याबरोबर व्हायरसही जायचे. ‘मायकेलअँजेलो’ नावाचा एक व्हायरस तर वर्षभर गुपचूप बसायचा आणि त्या थोर चित्रकाराच्या वाढदिवशी, ६ मार्चला, डिस्कवरची माहिती पुसायला लागायचा.

याच सुमारास आपल्या पुण्यात कैलास काटकर नावाचे गृहस्थ दुरुस्तीचं दुकान चालवत होते. मूळचे सातारा जिल्ह्यातले. दहावीनंतर शिक्षण सोडून त्यांनी कॅल्क्युलेटर-रेडिओ दुरुस्तीच्या दुकानात काम धरलं, मग स्वतःचं दुकान काढलं. पुढे कॉम्प्युटर दुरुस्तीला येऊ लागले आणि त्यातले कितीतरी व्हायरसनं आजारी! धाकटा भाऊ संजय कॉम्प्युटर शिकत होता. त्यानं एकेका व्हायरसवर औषध म्हणून छोटे प्रोग्रॅम लिहिले. त्यातूनच १९९५ च्या सुमारास ‘क्विक हील’ हा अँटिव्हायरस बाजारात आला. २०१६ मध्ये ही कंपनी शेअर बाजारातही उतरली. म्हणजे जागल्या घडवायचं काम आपल्या जिल्ह्यातही झालंय बरं का.

तेव्हा फ्लॉपी घातली की जागल्याला हाक मारायची, तपासून झालं की घरी पाठवायचं. आता इंटरनेट दिवसभर चालू, म्हणून जागल्याही दिवसभर दारात.

मंगळवारी शाळा सुटल्यावर मी बंड्याच्या वस्तीवर गेलो. तुम्ही पाबळचं नाव मस्तानीच्या समाधीमुळे ऐकलं असेल. आमच्या गावाची दुसरी ओळख म्हणजे विज्ञान आश्रम. डॉ. श्रीनाथ कलबाग यांनी तो १९८३ मध्ये सुरू केला. हातानं काम करता करता शिकायचं, ही तिथली रीत. तेव्हा पाबळच्या पोरांना नुसतं सांगून चालत नाही, करून दाखवावं लागतं!

म्हणून आम्ही गेम लावला आणि कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकदम दाबली. ‘टास्क मॅनेजर’ उघडतो. आत्ता कॉम्प्युटरमध्ये कोण कोण काम करतंय आणि कोण किती खातंय, याचा तो हजेरीपटच. बंड्याच्या कॉम्प्युटरमध्ये जुन्या पद्धतीची हार्ड डिस्क. तिच्यात फिरणारी तबकडी असते आणि ती वाचणारा एकच हात इकडून तिकडे पळत असतो. गेम म्हणतो मला मैदान दाखव, स्कॅन म्हणतो मला सगळ्या फाइली दाखव. त्या हाताची पळापळ होते आणि चेंडू हवेतच अडकतो. यादीत डिस्कचा आकडा शंभर टक्क्यांना टेकलेला बघून बंड्या म्हणाला, "सर, म्हणून आडकतोय व्हय!"

पण स्कॅन नेमका खेळायच्या वेळीच का? बघितलं, तर त्याची वेळ ठेवलेली होती रात्री दोनची. रात्री दोनला कॉम्प्युटर बंद, कधी वीजही नाही. मग हुकलेलं काम जागल्या कधी करणार? कॉम्प्युटर चालू झाला की लगेच. आणि कॉम्प्युटर चालू कोण करतं? खेळायला बसलेला बंड्या! चोर सापडला तो असा.

तेवढ्यात बंड्याची आई चहा घेऊन आली. "सर, ते काढून टाकू नका हं. बचत गटाचा सगळा हिशोब यातच आहे." बंड्याची ताई बारावीला आहे, तिच्या प्रवेशाचे दाखले स्कॅन करून त्यातच ठेवलेले. कॉम्प्युटर एक आणि माणसं पाच. बंड्यानं हे मनात धरलंच नव्हतं. त्याला बोलायला मी गेलो नाही, कारण मी त्याच्याहून मोठा पराक्रम करून बसलेलो आहे.

तोही सांगून टाकतो. २०११ साली मी डी.एड.ला होतो. सुट्टीत काकांच्या घरी गेलो आणि मित्राच्या पेन ड्राइव्हमधून मोटारींच्या शर्यतीचा एक गेम आणला. गेम सुरू करायला गेलो की अँटिव्हायरस ओरडायचा. मला वाटलं, याला खेळातलं काय कळतंय? दिला बंद करून. दोन दिवस मनसोक्त मोटारी पळवल्या. तिसऱ्या दिवशी बघतो तर फोल्डरच्या जागी सगळीकडे ते छोटे बाण असलेले ‘शॉर्टकट’. उघडले तर आत काही नाही. मी घाबरलो. काका गावाला गेले होते, ते यायच्या आत सगळं ठीक करायचं म्हणून कॉम्प्युटर उचलून दुरुस्तीला नेला. दुकानदारानं रीतसर विचारलं, "आतलं काही ठेवायचंय का?" मी म्हणालो, "आत काही उरलंच नाही. करा फॉरमॅट."

नंतर कळलं की ही जात फाइली पुसत नाही, नुसत्या लपवते. माहितगार माणसानं दहा मिनिटांत त्या परत दिसायला लावल्या असत्या. त्यात माझ्या आजीचे फोटो होते, काकांनी त्यांच्या नव्या कॅमेऱ्यावर काढलेले. आजी त्याच वर्षी उन्हाळ्यात गेली होती. काका मला एक शब्द बोलले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं.

असो. आता बंड्याकडे आम्ही काय काय केलं ते सांगतो. हे करताना घरातलं मोठं माणूस शेजारी हवं, पालकांनो, तुम्हीही वाचा.

पहिलं काम स्कॅनची वेळ बदलण्याचं. रात्री दोनच्या जागी रविवारी सकाळी अकरा केली. त्या वेळी ताई कॉम्प्युटरवर अभ्यासाचं वाचत असते आणि बंड्या मैदानात असतो. वाचताना थोडं सावकाश चाललं तरी तिचं बिघडत नाही. वेळ बदलता येत नसेल तर सरळ हातानं स्कॅन लावा आणि जेवायला बसा.

मग चौकटी. बऱ्याच अँटिव्हायरसमध्ये ‘गेम मोड’ किंवा ‘सायलेंट मोड’ असतो. पूर्ण पडद्यावर गेम चालू असताना जागल्या गप्प बसतो, झडतीचं काम बहुधा पुढे ढकलतो, पण पहारा चालूच ठेवतो. फरक ध्यानात आला ना? तोंड बंद, डोळे उघडे. विंडोजच्या स्वतःच्या सूचनाही थांबवता येतात. विंडोज ११ मध्ये ‘सेटिंग्ज’, त्यात ‘सिस्टीम’, त्यात ‘नोटिफिकेशन्स’ इथं जा. ‘डू नॉट डिस्टर्ब’ गेम खेळताना आपोआप चालू व्हावं, अशी खूण तिथं करता येते. विंडोज १० वर याचंच नाव ‘फोकस असिस्ट’. (विंडोज १० ची नेहमीची देखभाल मायक्रोसॉफ्टनं १४ ऑक्टोबर २०२५ ला थांबवली आहे, तेव्हा तशा कॉम्प्युटरवर जागल्याची गरज जास्तच.)

खरं तर बंड्याला सगळ्यात जास्त छळत होता तो भलताच जागल्या. कॉम्प्युटर विकत घेताना थोड्या दिवसांसाठी फुकट मिळालेला एक अँटिव्हायरस मुदत संपून तसाच पडला होता. "पैसे भरा, पैसे भरा" अशा चौकट्या तो पाठवायचा आणि वही जुनी झालेली, त्यामुळे कामाचा नाहीच. पैसे भरायचे नसतील तर असा अँटिव्हायरस रीतसर ‘अनइन्स्टॉल’ करावा. मग विंडोजचा स्वतःचा ‘डिफेंडर’ पहाऱ्यावर येतो. आला की नाही ते ‘विंडोज सिक्युरिटी’ उघडून बघून घ्यावं. दोन-दोन बाहेरचे अँटिव्हायरस एकत्र ठेवू नयेत. ते एकमेकांनाच हटकत बसतात!

अपडेटचं म्हणाल तर ते थांबवायचं नाही, आधी उरकायचं. बंड्याच्या घरी नेट वडिलांच्या मोबाइलच्या हॉटस्पॉटवर. अपडेट आणि गेम दोघंही एकाच नळाला लागले की धार बारीक होणारच. कॉम्प्युटर दहा मिनिटं आधी चालू करा, अपडेट होऊ द्या, तोवर हातपाय धुऊन या.

एवढं करूनही मोठा गेम उघडताना अडखळत असेल, तर शेवटचा उपाय. ‘विंडोज सिक्युरिटी’मध्ये ‘व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन’, त्याखाली ‘मॅनेज सेटिंग्ज’ आणि अगदी तळाशी ‘एक्स्क्लूजन्स’. तिथं एखादा फोल्डर लिहिला की जागल्या त्या खोलीत डोकावत नाही. म्हणून फक्त त्या गेमचा फोल्डर लिहायचा, तोही गेम मूळ ठिकाणाहून घेतलेला असेल तरच. आख्खा सी ड्राइव्ह, ‘डाउनलोड्स’ किंवा पेन ड्राइव्ह चुकूनही नाही. चोर त्याच दारांनी येतात. बंड्याकडे आम्ही हा उपाय केलाच नाही, गरजच पडली नाही.

एका गोष्टीवर मात्र मी अडून बसलो. बंड्याच्या मित्रानं त्याला विकतचा गेम फुकट मिळतो म्हणून एक फाइल दिली होती. सोबत चिठ्ठी, ‘आधी अँटिव्हायरस बंद करा, मग गेम टाका.’ कुणी दारात येऊन म्हणालं, "काका, तुमचं कुत्रं जरा आत बांधा, मला मागच्या दारानं यायचंय," तर आपण काय करू? बंड्याच्या आईनं हे ऐकलं आणि हसत म्हणाली, "आधी काठी घेऊ." फाइल तिथल्या तिथे काढून टाकली. बंड्याचं तोंड पडलं, पण काही बोलला नाही. आईच्या बचत गटाच्या हिशोबाची एक प्रत मात्र त्यानं स्वतःहून पेन ड्राइव्हवर काढली आणि पेन ड्राइव्ह कपाटात ठेवला. मी सांगितलं नव्हतं.

या रविवारी मामेभाऊ पुन्हा आला होता. पूर्ण डाव झाला, एकही चौकट आली नाही. सोमवारी मी विचारलं, "काय रे, जिंकलास ना?"

बंड्या डोकं खाजवत म्हणाला, "नाही सर. आणि आता अँटिव्हायरसचं नाव पण सांगता येत नाही."