हॉटेलसारखा व्हेज पास्ता, आपल्या दस्तरख्वानावर



दहावीचा निकाल लागला त्या दिवशी आमच्या मुलीने बक्षीस म्हणून एकच गोष्ट मागितली. "अम्मी, आज रात्री हॉटेलात पास्ता खायचा." नातीचं कौतुक करायला सासूबाई दुपारच्याच एसटीने इंदापूरहून बारामतीला आल्या होत्या. सोबत पेढ्याचा पुडा आणि नातीसाठी ड्रेसचं कापड. म्हटलं, सगळेच जाऊ.

हॉटेलात पास्त्याच्या दोन प्लेटी आल्या. लालसर सॉस, वर किसलेलं चीज, रंगीत ढोबळी मिरची. मुलीने पहिली प्लेट दादीसमोर सरकवली. सासूबाईंनी चमचा उचलला आणि वाढणाऱ्या मुलाला विचारलं, "बाळा, यात काय काय घातलंय? चीज कसलं आहे? दारू वगैरे काही नाही ना?" तो म्हणाला, "व्हेज आहे, मावशी." एवढंच. आत विचारून येतो म्हणाला, पण परत आलाच नाही. सासूबाईंनी चमचा खाली ठेवला आणि दाल-रोटी मागवली.

मुलीचा चेहरा उतरला. घरी येताना रिक्षात ती हळूच म्हणाली, "दादीला आमचं काही आवडतच नाही." सासूबाईंनी ते ऐकलं. बोलल्या मात्र काहीच नाहीत.

मला रात्रभर झोप लागली नाही. पोरीचा दिवस होता, तिचं वाईट वाटणं साहजिक होतं. पण आपल्या ताटात काय आहे ते विचारणाऱ्या म्हातारीचं तरी काय चुकलं? ठरवलं, सासूबाई परत जायच्या आत हाच पास्ता घरी करायचा. काय घातलंय ते सगळ्यांना माहीत असेल असा.

पहिला प्रयत्न फसला, हे आधीच सांगते. घाईत पास्ता कुकरला लावला, दोन शिट्ट्या दिल्या. झाकण उघडलं तर आत खळ! त्यावर केचप ओतलं, तेव्हा तो गोडमिट्ट झाला. सासूबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. म्हणाल्या, "अगं, शेवया कुकरात शिजवतेस का तू कधी?"

मग त्यांनी पाकीट हातात घेतलं, एक कोरडी नळी दाताखाली कडकन मोडून पाहिली आणि हसल्या. "ये तो अपनीच सेवई है!"

खरंच की. पाकिटावर लिहिलेलं असतं 'ड्युरम व्हीट सेमोलिना'. ड्युरम म्हणजे आपला बन्सी गहू आणि सेमोलिना म्हणजे रवा. सासूबाईंच्या तरुणपणी ईदच्या आधी घरोघरी बन्सी रवा भिजवून, तेलाच्या हाताने तास तास मळून पाटावरच्या शेवया काढल्या जात आणि बाजेवर वाळत घातल्या जात. आपल्या शेजारणींच्या घरी उन्हाळ्यात वळवट होतं. त्यातले सरगुंडे, नखुल्या, मालत्या, बोटवे आठवून पाहा. कणीक किंवा रवा मळायचा, आकार द्यायचा, वाळवायचा आणि लागेल तेव्हा उकळत्या पाण्यात सोडायचा. पास्ता म्हणजे दुसरं काय?

मार्को पोलोने चीनहून शेवया इटलीत नेल्या, ही गोष्ट पुष्कळांनी ऐकलेली असते. तो परतला १२९५ मध्ये. पण त्याच्या कितीतरी आधी, ११५४ मध्ये, अल-इद्रीसी या मुस्लिम भूगोलतज्ज्ञाने सिसिलीचा ख्रिस्ती राजा दुसरा रॉजर याच्यासाठी जगाच्या भूगोलाचा मोठा ग्रंथ पूर्ण केला. त्यात पालेर्मोजवळच्या त्राबिया गावाचं वर्णन आहे. तिथे 'इत्रिय्या' नावाच्या शेवया भरपूर बनत आणि जहाजांत भरून मुस्लिम व ख्रिस्ती, दोन्ही मुलखांत जात. वाळवलेली असल्यामुळेच ही वस्तू इतक्या लांब टिकून पोहोचत असे.

आपल्याकडेही इटली तशी परकी नाही. त्या रात्री आम्ही ज्या तीनचाकीतून घरी आलो ती पियाजिओची होती. ही कंपनी इटलीची आणि कारखाना बारामतीच्या एमआयडीसीत. चॉकलेटवाली फेरेरोही इटलीचीच, तिचाही कारखाना इथेच आहे. चीजचा मोठा कारखाना बारामतीत आहे. ढोबळी मिरची तर बारामती-इंदापूरच्या शेडनेटमधून थेट मंडईत येते. तेव्हा पास्त्याचं पाकीट सोडलं तर बाकी सगळं घरचंच म्हणायचं!

आता कृतीकडे वळू.

साहित्य (पाच जणांसाठी)

पेने पास्ता २५० ग्रॅम, लालभडक पिकलेले टोमॅटो ६०० ग्रॅम, कांदा १ मोठा, लसूण १० पाकळ्या, ढोबळी मिरची २ (वेगवेगळ्या रंगांच्या मिळाल्या तर छान), गाजर १, फरसबीच्या ८-१० शेंगा, मक्याचे दाणे अर्धी वाटी, तेल ३ मोठे चमचे, लोणी १ मोठा चमचा, ताजी साय ३ मोठे चमचे, काश्मिरी मिरचीपूड १ चमचा, मिरपूड अर्धा चमचा, सुकं ओरेगॅनो १ चमचा, साखर अर्धा चमचा, चीज ५० ग्रॅम, मीठ.

कृती

१. टोमॅटोंना बुडाशी चीर देऊन उकळत्या पाण्यात दोन मिनिटं ठेवा. साल सहज निघते. मग मिक्सरमधून जाडसर फिरवा. साल ठेवली तर ती सॉसमध्ये दाताखाली येते. आपल्याकडचे संकरित टोमॅटो जाड सालीचे असतात, म्हणून हा टप्पा गाळू नका.

२. कढईत दोन चमचे तेल तापवून बारीक चिरलेला लसूण मंद आचेवर परता. तो सोनेरी होऊ द्या, पण करपू देऊ नका. करपला तर सॉस कडू होतो. मग बारीक चिरलेला कांदा, तो मऊ झाला की मिरचीपूड आणि लगेच टोमॅटो घाला. साखर आणि थोडं मीठ घालून तेल सुटेपर्यंत शिजवा. याला १५ ते २० मिनिटं लागतात. सालन करताना जसं थांबता तसंच इथे थांबायचं. केचप घालून ही वेळ वाचवता येते, पण मग चव केचपचीच लागते.

३. दुसऱ्या शेगडीवर मोठ्या पातेल्यात अडीच लिटर पाणी उकळा. त्यात दीड मोठा चमचा मीठ घाला. हे मीठ जास्त वाटेल, पण त्यातलं बरंचसं पाण्यातच राहतं. पास्ता आतून अळणी लागू नये म्हणून ते हवंच. तेल घालू नका. तेलाचा थर बसला की सॉस नळ्यांवरून घसरतो.

४. पाणी खळखळ उकळत असताना पास्ता सोडा, एकदा ढवळा, झाकण ठेवू नका. पाकिटावर ११ मिनिटं लिहिली असतील तर ९ मिनिटांनी एक नळी चाखून पाहा. बाहेरून मऊ आणि मध्ये किंचित टणक लागली की काढा. उरलेली कसर सॉसमध्ये भरून निघते. काढण्याआधी पास्त्याचं दोन वाट्या पाणी बाजूला ठेवा. पास्ता गार पाण्याने धुऊ नका. त्यावरचा स्टार्च धुऊन गेला तर सॉस चिकटत नाही.

५. तोवर लोखंडी कढईत एक चमचा तेल कडक तापवा. आधी गाजर आणि फरसबी, दोन मिनिटांनी मका, शेवटी ढोबळी मिरची. आच मोठीच ठेवा, सारखं ढवळू नका. कडा थोड्या भाजल्या गेल्या पाहिजेत. मीठ अगदी शेवटी, नाहीतर भाज्यांना पाणी सुटतं आणि त्या वाफेवर शिजल्यासारख्या होतात. हॉटेलातल्या भाजीला जो खमंगपणा असतो तो या मोठ्या आचेमुळे.

६. सॉसची आच मंद करा. साय फेटून थोडी थोडी घाला. मोठ्या आचेवर एकदम घातली तर टोमॅटोच्या आंबटपणाने ती फुटते. आता पास्ता आणि भाज्या घालून बाजूला ठेवलेलं पाणी अर्धी अर्धी वाटी घालत दोन मिनिटं परता. त्या पाण्यातल्या स्टार्चमुळे तेल आणि पाणी एकजीव होतं, सॉसला चकाकी येते आणि तो प्रत्येक नळीला धरून बसतो. हॉटेलची चव म्हणतात त्यातली निम्मी करामत या फुकटच्या पाण्याची आहे.

७. गॅस बंद करून लोणी, ओरेगॅनो, मिरपूड आणि किसलेलं चीज घाला. लगेच वाढा. पास्ता पाहुण्यांसाठी थांबत नाही, पाहुण्यांनी त्याच्यासाठी थांबावं.

आता सासूबाईंच्या प्रश्नाचं उत्तर. चीज करताना दूध गोठवायला रेनेट लागतं. ते पूर्वापार वासराच्या जठरातून काढलं जाई. आता ते सूक्ष्मजीवांपासूनही मिळतं. आपल्याकडच्या पाकिटावर शाकाहाराचं हिरवं चिन्ह असेल तर प्राण्यापासून काढलेलं रेनेट त्यात नसतं. परदेशी पार्मेजान चीजमध्ये मात्र पारंपरिक पद्धतीने वासराचंच रेनेट वापरतात. आणि युरोपातल्या काही सॉसमध्ये वाइन खरोखरच घालतात. शिजवल्यावर ती सगळीच उडून जाते असंही नाही. म्हणजे 'व्हेज आहे' या उत्तराने त्यांचा प्रश्न पुरता सुटत नव्हता. बाहेर खाताना बिनधास्त विचारा. घरी आंबटपणा हवा असेल तर टोमॅटो पुरेसा आहे, फार तर शेवटी लिंबाचे चार थेंब पिळा.

त्या रविवारी पास्ता उकळायचं काम सासूबाईंनी स्वतःकडे घेतलं. घड्याळाकडे त्यांनी पाहिलंच नाही. एक नळी काढून बोटांत दाबली आणि म्हणाल्या, "उतर आता." नात शेजारी मोबाइलवर वेळ लावून उभी होती. साडेनऊ मिनिटं झाली होती. तिने मान डोलावली आणि पुढच्या वेळी दाबून कसं ओळखायचं ते विचारून घेतलं.

जेवायला बसल्यावर सासूबाईंनी दोन घास खाल्ले आणि ठेचा मागितला. पास्त्याबरोबर ठेचा! मुलगी म्हणाली, "हॉटेलात चीज जास्त असतं." ते खरं आहे, मी काही वाद घातला नाही. पण पातेलं रिकामं झालं. हॉटेलातल्या दोन प्लेटींपेक्षा कमी पैशांत पाच जणांची पोटं भरली आणि या वेळी दादीसमोरची प्लेट परत गेली नाही.

सोमवारी सासूबाई इंदापूरला निघाल्या तेव्हा पिशवीत पेनेची दोन पाकिटं होती. धाकट्या दिरांच्या मुलांना करून घालणार म्हणाल्या. पाकिटांवर नातीने ठळक अक्षरांत लिहून दिलं होतं, 'दादी, कुकर नाही.' सासूबाईंनी ते वाचलं आणि माझ्याकडे बघून हसल्या.

तुमच्या घरी कसा झाला ते जरूर कळवा. आणि पहिल्यांदा खळ झालाच, तर घाबरू नका. माझाही झाला होता.