आदमाची पोथी
एदेनच्या बागेतून हाकललेल्या आदमाला रझिएल या देवदूताने एक ग्रंथ दिला, असं ज्यू दंतकथा सांगते. सात आकाशांची रचना, ग्रहतारे, देवदूतांची नावं. देवाघरची सगळी गुपितं त्यात. जळफळलेल्या देवदूतांनी तो समुद्रात फेकला, तेव्हा देवाने सागराचा अधिपती राहाब याच्याकरवी तो वर काढवला. नोहाने म्हणे त्यात वाचूनच तारू बांधलं. १७०१ साली ॲमस्टरडॅममध्ये छापलेला ‘सेफर रझिएल’ म्हणजे मात्र मध्ययुगीन मजकुरांची गोधडी. वर्म्सच्या एलआझार रब्बीचं लिखाणही तिच्यात शिवलेलं. तरी त्याच्या आवृत्त्या निघत राहिल्या. कारण? ही पोथी घरात असली की आग लागत नाही, ही समजूत! सात आकाशं वाचत बसायची सक्ती नव्हतीच.