कॅमेऱ्यामागच्या माणसाचा वाटा

छायाचित्राचा कर्ता कोण, याचं उत्तर आपला १९५७चा कॉपीराइट कायदा सरळ देतो: ते काढणारा. पण कॅमेरा सेकंदाला २४ चित्रं टिपू लागला की कर्ता बदलतो. चित्रपटाचा कर्ता कायद्याच्या लेखी निर्माता. बड्या चित्रपटांत हे फारसं बोचत नाही, कारण मानधन भरघोस असतं. स्वतंत्र चित्रपटाचा सिनेमॅटोग्राफर मात्र अनेकदा बाजारभावापेक्षा कितीतरी कमी पैशांत काम करतो, उरलेली रक्कम 'चित्रपट विकला गेला की बघू' या बोलीवर सोडतो. त्याने सोडलेले हे पैसे निर्मात्याच्या पैशांइतकंच भांडवल आहे, आणि भांडवल घालणाऱ्याला कमाईत वाटा मिळायला हवा.

त्याचं काम म्हणजे निव्वळ हुकूमबरदारी, असं म्हणणाऱ्यांनी १९६९ कडे पाहावं. फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या तुटपुंज्या कर्जावर मृणाल सेन यांचा 'भुवन शोम', बासू चटर्जी यांचा 'सारा आकाश' आणि मणी कौल यांचा 'उसकी रोटी' उभे राहिले. तिन्ही दिग्दर्शकांचे स्वभाव पूर्ण वेगळे, पण कॅमेऱ्यामागे एकच माणूस: पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून नुकतेच बाहेर पडलेले के. के. महाजन. नव्या हिंदी सिनेमाचं रूप घडवण्यात त्यांचा वाटा दिग्दर्शकांहून कमी नव्हता.

यावर सांगितलं जातं की नाव झालं की पुढची कामं मिळतात, तोच मोबदला. अविनाश अरुण यांनी 'किल्ला' दिग्दर्शित केला, चित्रितही केला, पुढे 'मसान' टिपला आणि वेबमालिकांच्या दिग्दर्शनापर्यंत पोचले, हे खरंच. पण नव्या कामाचे पैसे नव्या कामाचेच असतात. जुना चित्रपट ओटीटीवर विकला जातो तेव्हा आलेल्या रकमेशी त्यांचा संबंध नाही. शिवाय अशी वाट फार थोड्यांना सापडते. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: धोका निर्मात्याचा, आणि एकाला वाटा दिला तर संकलक, ध्वनिमुद्रकही मागतील. मागू देत. चित्रपटाने काही कमावलंच नाही, तर टक्केवारीने निर्मात्याच्या खिशातून एक पैसाही जात नाही. गीतकार-संगीतकारांना २०१२च्या दुरुस्तीने रॉयल्टीचा हक्क मिळाला, तेव्हाही निर्मात्यांचा विरोध होताच. जर्मनीत 'दास बूट'चे सिनेमॅटोग्राफर योस्ट व्हाकानो यांनी वर्षानुवर्षं खटला लढवून वाढीव मोबदल्याचा हक्क सिद्ध केला. आपल्याकडे कायदा बदलेपर्यंत थांबायचं कारण नाही. राज्य सरकार मराठी चित्रपटांना अनुदान देतं. कमाईतला वाटा नमूद करणारा तंत्रज्ञांचा लेखी करार ही त्या अनुदानाची अट करता येईल.