मुसद्दीलाल अजून रांगेतच

सब टीव्हीवर २००१मध्ये ‘ऑफिस ऑफिस’ ही हिंदी मालिका सुरू झाली, तेव्हा दूरचित्रवाणीवर सासू-सुनांच्या कारस्थानांचे राज्य होते. त्या गदारोळात एक साधासुधा गृहस्थ हातात कागदपत्रे घेऊन कार्यालयाच्या पायऱ्या चढला आणि घराघरांत ओळखीचा झाला. पंकज कपूर यांनी १९८५मध्ये ‘करमचंद’मधील चलाख गुप्तहेर रंगविला होता, येथे तेच पराकोटीचे सोशिक मुसद्दीलाल झाले. जुने भाग आजही आवडीने पाहिले जातात.

हे आकर्षण केवळ विनोदाचे नव्हे. राजीव मेहरा यांनी दिग्दर्शित केलेल्या या मालिकेत दर भागात कार्यालय बदलते, टेबलामागची माणसे मात्र तीच असतात. मनोज पाहवा यांचा सदैव खाण्यात गुंतलेला भाटिया, संजय मिश्रा यांचा पान चघळणारा शुक्ला, देवेन भोजानी यांचा पटेल, हेमंत पांडे यांचा पांडेजी आणि आपल्या आसावरी जोशी यांची उषाजी. खाते कोणतेही असो, भाटिया भाटियाच राहतो. व्यवस्थेवरील शंभर अग्रलेखांना जे साधत नाही, ते या एका युक्तीने साधले.

इंग्रजांनी ही यंत्रणा सेवेसाठी नव्हे, तर राज्य करण्यासाठी उभारली, हे निदान खरेच आहे. त्यावर उपायही झाले. महाराष्ट्राने २००२मध्ये आणि केंद्राने २००५मध्ये माहितीच्या अधिकाराचा कायदा केला. राज्यात २०१५पासून लोकसेवा हक्क कायदा आहे. अधिसूचित सेवा किती दिवसांत मिळावी हे ठरलेले आहे, विलंब झाल्यास अपील आणि शास्ती आहे. या मालिकेवर २०११मध्ये निघालेल्या चित्रपटात मुसद्दीलाल कागदोपत्री मृत ठरतो आणि त्याचे निवृत्तिवेतन थांबते. २०१४पासून मात्र ‘जीवन प्रमाण’मुळे हयातीचा दाखला बोटाच्या ठशावर मिळू लागला. हे बदल नाकारणे कृतघ्नपणाचे ठरेल.

तरीही मुसद्दीलाल जुना झालेला नाही. कारण भाटिया काही लंडनहून येत नाही. तो सुशिक्षित, देवभक्त मध्यमवर्गीय घरातूनच येतो. अशा बहुतेक घरांत कोणी ना कोणी बँकेत, महापालिकेत वा जिल्हा परिषदेत नोकरीला असते. मालिका पाहताना सारे घर मुसद्दीलालच्या बाजूचे असते. दुसऱ्या दिवशी त्याच घरातील कर्ता पुरुष खिडकीशी ताटकळलेल्या वृद्धाला मान वर न करता ‘उद्या या’ म्हणतो, आणि सीमेवरील जवानाच्या आठवणीने त्याचे डोळे भरून येतात तेही खोटे नसते. भाटिया खलनायक वाटत नाही, चांगला शेजारी वाटतो. मालिकेचा खरा डंख येथे आहे.

संघाने शताब्दीनिमित्त मांडलेल्या पंच परिवर्तनात नागरिक कर्तव्य हा एक विषय आहे. त्यावरील बैठकांत वाहतुकीचे नियम निघतात, पाण्याची बचत निघते, मतदानही निघते. स्वतःच्या टेबलावर पडून राहिलेल्या फायलीपर्यंत बोलणे अजून फारसे पोहोचलेले नाही.