पत्ता बदलला, आजी तिथेच!

गेल्या वीकेण्डला पावसाने ट्रेकचा प्लॅन बुडवला. मग लॅपटॉपवर २०१० सालची 'माय पेरेस्त्रोइका' ही डॉक्युमेंटरी लावली. म्हटलं, अर्ध्या तासात मस्त झोप लागेल. कसली झोप!

दिग्दर्शिका रॉबिन हेसमन अमेरिकन. नव्वदच्या दशकात ती अनेक वर्षं रशियात राहिली, तिथल्या 'सेसमी स्ट्रीट'ची निर्माती होती. तिच्या फिल्ममध्ये मॉस्कोत वाढलेले पाच शाळासोबती आहेत. त्यांच्या लहानपणीच्या घरगुती फिल्म्स दिसतात आणि मग त्यांचं आत्ताचं आयुष्य. कुणी महागडे फ्रेंच शर्ट विकतोय, एक जोडपं शाळेत इतिहास शिकवतंय. ज्या देशात ते जन्मले तो १९९१ साली संपला. आता स्वतःचं बालपणच धडा म्हणून शिकवायचं!

आणि मला एकदम आजी आठवली.

आजीचं माहेर आणि सासर, दोन्ही वाळवा तालुक्यात. तिच्या शाळेच्या दाखल्यावर जिल्हा सातारा. १९४९ साली जिल्हा फुटला, म्हणून लग्नपत्रिकेवर दक्षिण सातारा. १९६० साली त्याचं नाव बदललं, म्हणून आधार कार्डावर सांगली. तीन पत्ते, आणि बाई तालुक्याबाहेर राहायला गेलीच नाही!

या भागात तर एक अख्खं सरकार होऊन गेलं. १९४३ ते ४६, क्रांतिसिंह नाना पाटलांचं प्रतिसरकार. लोकांच्या तोंडी पत्री सरकार. आपण शाळेत दोन ओळी पाठ केल्या, दोन मार्क मिळवले, विषय संपला. पण ७ जून १९४३ ला शेणोलीजवळ पुणे-मिरज गाडी अडवून इंग्रज सरकारची पगाराची रक्कम काढून घेणाऱ्या तूफान सेनेतले कुंडलचे कॅप्टन भाऊ, म्हणजे रामचंद्र श्रीपती लाड, नव्वदी ओलांडल्यावर पी. साईनाथ यांच्या 'पारी'च्या कॅमेऱ्यासमोर बोलले. त्याला 'लूट' म्हणू नका, असा त्यांचा आग्रह होता. पैसा आपल्याच लोकांचा होता, तो परत आणला, बस्स. २०२२ च्या फेब्रुवारीत भाऊ गेले. आवाज मात्र राहिला.

मग काय, पुढच्याच शनिवारी एसटी पकडली आणि आजीसमोर मोबाईल धरला. "आजी, पत्री सरकारबद्दल सांग ना."

"मला काय ठावं? मी एवढीशी पोर." मग तीन मिनिटं म्हशीबद्दल. मी कंटाळून बंद करणार, तेवढ्यात म्हणाली, "थोरला दादा रातच्याला उसात भाकऱ्या घेऊन जायचा. कुणासाठी, ते घरात कुणी बोलायचं न्हाई. मला आई म्हणायची, विचारलं कुणी तर सांग, दादा झोपलाय."

मग गप्प झाली. एकदम म्हणाली, "बंद कर ते. चहा घे."

आणि मी शहाण्या नातीसारखं बंद केलं!

एकूण चार मिनिटं, दहा सेकंद. आजी नव्वदीला टेकलीय. दादा कधीच गेला. त्या भाकऱ्या कुणी खाल्ल्या, हे सांगू शकेल असं आता दुसरं कुणी उरलेलं नाही.

हेसमनबाईंनी आधी तिथे वर्षं काढली, कॅमेरा नंतर लावला. आपण एका वीकेण्डमध्ये उरकू पाहतो. येत्या शनिवारी परत जातेय. या वेळी इतिहास विचारणार नाही, भाकऱ्या किती असायच्या ते विचारणार आहे. आणि चहा झाल्यावरच मोबाईल काढणार.